कोकणातला आणि देशावरचा लाल विंचू: प्रजाती दोन मानायच्या का?

घाटपायथा: लाल विंचू (हॉटेंटोटा टॅम्युलस) कागदोपत्री एकच प्रजाती आहे. पण त्याच्या मायटोकॉन्ड्रियातलं (पेशीला ऊर्जा पुरवणाऱ्या भागातलं) सीओआय जनुक, ज्यावरून प्रजाती ओळखतात ते, भागागणिक बदलतं, विषातली पेप्टाइडंही (छोटी प्रथिनंही) बदलतात. कोकणातल्या विंचवाला पोकॉक या ब्रिटिश प्राणिशास्त्रज्ञाने 1900 मध्येच वेगळी उपप्रजाती मानलं होतं. मग आता सरळ दोन प्रजाती करायला काय हरकत आहे?

मृण्मयी: हरकत आहे, आणि मोठी आहे. मायटोकॉन्ड्रिया येतो फक्त आईकडून. विंचवाची मादी पिल्लं पाठीवर घेऊन दगडाखाली बसून राहते. विणीच्या काळात भटकतो तो नर. म्हणजे दोन टेकड्यांवरच्या माद्यांच्या वंशावळी वेगळ्या दिसतील, आणि नरांमुळे पेशीच्या केंद्रकातली, आईबाप दोघांकडून येणारी जनुकं मात्र मिसळत राहिलेली असतील. अल्कोहोलमध्ये ठेवलेल्या एका पायातून सीओआय निघतं, काम स्वस्तात होतं, म्हणून सगळे तेच वाचतात. 2015 मध्ये हजारो जनुकं एकत्र तपासली तेव्हा विंचवांची शरीररचनेवरून मांडलेली कुळंसुद्धा विस्कटली. इथे तर एका जनुकावर नाव ठरवायला निघालोय.

घाटपायथा: केंद्रकातली जनुकं तपासा की, मी कुठे नको म्हणतोय? पण तोवर फरक नाहीच असं धरून चालायचं का?

तालुका_डॉक्टर: दंश झालेलं पोर घामाने निथळत, हातपाय गार पडलेल्या अवस्थेत येतं, तेव्हा मला प्रजातीचं नाव लागत नाही. महाडच्या डॉ. हिंमतराव बावस्करांनी प्रॅझोसिन हे रक्तवाहिन्या सैल करणारं औषध वापरून दाखवलं आणि मृत्यू झपाट्याने घटले. ते औषध शरीरातल्या परिणामावर चालतं. विंचू कोकणातला की देशावरचा, याने त्याला फरक पडत नाही.

घाटपायथा: डॉक्टर, प्रॅझोसिनबद्दल वादच नाही. पण महाडलाच झालेली, 2011 मध्ये बीएमजे या ब्रिटिश वैद्यकीय नियतकालिकात आलेली चाचणी बघा. प्रॅझोसिनसोबत प्रतिविष दिलेल्या 35 पैकी 32 जण 10 तासांत बरे झाले, नुसतं प्रॅझोसिन घेतलेल्या 35 पैकी 8. प्रतिविषाचं काम विषाशी बांधलेलं असतं. ते विष कुठल्या विंचवाचं, हे विचारायला नको?

मृण्मयी: हे मात्र पटलं. पण त्यासाठी नवं नाव कशाला? विष गोळा करताना प्रत्येक विंचवाचा तालुका नोंदवा, दोन्हीकडचं विष घ्या, आणि तयार झालेलं प्रतिविष दोन्ही विषांवर तपासून बघा. नावाचा निकाल लागायला वर्षं जातील, हे काम आत्ताच सुरू करता येतं.

तालुका_डॉक्टर: याला माझा पाठिंबा. प्रजातीबद्दलचं मत मात्र तेच.