शब्दचर्चा : बॉबी देओलचे चाहते ‘स्मृतिकातर’ कसे?

धरमपेठकर : एक लेख तपासून राहिलो आहे. नव्वदच्या दशकात पोरापोरींच्या गळ्यातले ताईत असलेले नट परत कसे चमकले, असा विषय. लेखिकेनं बॉबी देओलच्या चाहत्यांना ‘स्मृतिकातर’ म्हटलंय. मला ‘कातर’ खटकतो. कातर आवाज, कातरवेळ, सगळीकडे हुरहूर. इथं तर लोक शिट्ट्या मारून राहिले! दुसरा शब्द सुचवा.

महालकर : स्मरणरंजन. रूढ आहे, पण जपून वापरा. समीक्षेत तो बरेचदा टोमणा म्हणूनच येतो. १९८९चा ‘मैंने प्यार किया’ २०२४मध्ये पुन्हा थेटरात लागला. तो बघायला सहकुटुंब जाणं, हे अस्सल स्मरणरंजन. (आपल्या नागपुरात सदर भागात तर टॉकीजचंच नाव स्मृती!)

सक्करदरावाला : काहून स्मरणाच्या मागं लागले बाप्पा? बॉबीचा ‘बरसात’ १९९५चा, ‘अ‍ॅनिमल’ २०२३चा. मधात २०२०ला ‘आश्रम’ या वेब सीरिजमध्ये तो भोंदू बाबा झाला. ‘अ‍ॅनिमल’मध्ये तर मुका खलनायक, तोंडून एक शब्द नाही. डोक्यावर ग्लास ठेवून नाचला, अन् आमच्या गल्लीतले पोट्टे वरातीत तेच करून राहिले. ‘बरसात’ आला तेव्हा त्यांचा जन्मही नव्हता. त्यांना कायचं स्मरण?

धरमपेठकर : हे बरोबर. मग ‘पुनरागमन’?

महालकर : चालेल. फक्त विसर्जनाला आपण ‘पुनरागमनाय च’ म्हणतो, तेव्हा तोच बाप्पा परत यावा असं मनात असतं. बॉबी मात्र प्रेमवीर म्हणून गेला आणि खलनायक होऊन आला. आणि ‘कातर’ अगदीच टाकाऊ नाही हं. आपण ज्याला स्मृतिकातरता म्हणतो, तो इंग्रजीतला नॉस्टॅल्जिया. हा शब्द १६८८मध्ये योहानेस होफर या वैद्यकाच्या विद्यार्थ्यानं घडवला. ग्रीकमधले ‘घरी परतणं’ आणि ‘वेदना’ जोडून. घरापासून लांब राहून झुरणाऱ्या स्विस माणसांच्या आजाराचं ते नाव होतं. ओढ गावाची होती, गेलेल्या काळाची नंतर झाली. एखादी बाई एकटीच जुनी कॅसेट हातात घेऊन बसली असेल, तर तिला खुशाल स्मृतिकातर म्हणा. शिट्ट्या मारणाऱ्यांना नको.

धरमपेठकर : ठीक. पुन्हा लागलेल्या सिनेमांच्या परिच्छेदात ‘स्मरणरंजन’ ठेवतो, बॉबीच्या परिच्छेदात ‘पुनरागमन’.

सक्करदरावाला : मथळ्यात तरी ‘बॉबी परत आला’ लिहा ना भाऊ. पानठेल्यावर लोक तेच बोलतात.