जमीनदार की जहागीरदार? हार्टिंग्टनच्या नोंदीत अडलेला शब्द

टिपणवही: चरित्रकोशासाठी लॉर्ड हार्टिंग्टन (1833-1908) यांची नोंद करायची आहे. 1880 ते 1882 ते ब्रिटिश सरकारात भारतमंत्री होते, म्हणून मराठी कोशात जागा. 'जमीनदार घराण्यातले राजकारणी' असं लिहिलं होतं, तपासणाऱ्यांनी खोडून 'जहागीरदार' केलं. कोणतं ठेवू?

मोडीवाचक: जहागीर नकोच. जहागीर किंवा सरंजाम सरकार द्यायचं, चाकरीच्या बदल्यात, आणि काढूनही घ्यायचं. चॅट्सवर्थची, म्हणजे हार्टिंग्टन घराण्याच्या इस्टेटीची, जमीन कुटुंबाच्या मालकीची होती. पण 'जमीनदार'ही निर्मळ नाही. पेशवाईच्या कागदात जमीनदार म्हणजे देशमुख-देशपांडे, परगण्याचे वतनी अधिकारी.

रोखठोक: पेशवाई संपली हो. आज जमीनदार म्हणजे भरपूर जमीन असलेला, एवढंच वाचकाला कळतं.

मोडीवाचक: मग 'मालक' तरी जपून लिहा. अशा इस्टेटी 'सेटलमेंट'मध्ये, म्हणजे जमीन घराण्यातच ठेवणाऱ्या दस्तात, बांधलेल्या असत. थोरला मुलगा 21 वर्षांचा झाला की बाप-लेक मिळून जुना बंध मोडायचे आणि लगेच नवा बांधायचे. मुलाला सालाना ठरावीक रक्कम मिळायची, बदल्यात बापामागे तोही फक्त तहहयात धनी. उत्पन्न खायचं, जमिनीला हात लावायचा नाही. 1882 च्या कायद्याने विक्रीची मुभा दिली, पण पैसा विश्वस्तांकडे जायचा आणि मुख्य वाडा त्यांच्या किंवा कोर्टाच्या संमतीशिवाय विकता येत नसे. 'तहहयात' हा शब्द इथे चपखल बसतो.

पोटकूळ: आणि त्यांच्या 'टेनंट'ना कूळ म्हणू नका. कूळ म्हटलं की डोळ्यांपुढे दोन-चार एकरवाला येतो. तिकडचा टेनंट शेकडो एकर करायचा, भांडवल त्याचं, राबायला मजूर वेगळे. खंडकरी म्हणा.

रोखठोक: खंडकरी? नगर जिल्ह्यात ज्यांच्या जमिनी साखर कारखान्यांनी खंडाने घेतल्या ते मूळ मालक खंडकरी. अर्थ उलटा झालाय!

पोटकूळ: वर्तमानपत्रांनी उलटा केला म्हणून शब्द टाकून द्यायचा का?

रोखठोक: लोक ज्या अर्थाने बोलतात तोच अर्थ.

शेपूट: मला वेगळीच शंका. लॉर्ड असून हा माणूस कॉमन्समध्ये, ब्रिटिश संसदेच्या निवडून आलेल्यांच्या सभागृहात, कसा?

टिपणवही: ती पदवी नुसती मानाची. ड्यूकच्या वारसाने बापाची दुय्यम पदवी लावायची, कायद्याने तो सामान्यच. 1857 ला हे निवडून आले तेव्हा 'लॉर्ड कॅव्हेंडिश' होते. 1858 ला वडील डेव्हनशरचे ड्यूक झाले, तेव्हा हे हार्टिंग्टन झाले. डिसेंबर 1891 मध्ये वडील वारले, ड्यूकपद आलं आणि त्याच क्षणी रॉसेंडेलची खासदारकी गेली, पोटनिवडणूक लागली. 'शिष्टाचारपदवी' म्हणावं का?

मोडीवाचक: 'मानाची पदवी' पुरे. शिष्टाचार म्हटलं की पाहुण्यांना पाणी देणं आठवतं.

पोटकूळ: धाकट्या मुलांचा घोळ लक्षात ठेवा. 6 मे 1882 ला डब्लिनच्या फीनिक्स पार्कमध्ये मारले गेले ते यांचे धाकटे भाऊ, लॉर्ड फ्रेडरिक कॅव्हेंडिश. नाव आखूड करायचं तर 'लॉर्ड फ्रेडरिक' करा. 'लॉर्ड कॅव्हेंडिश' लिहिलंत की माणूस बदलतो.

शेपूट: आणि 'डेव्हनशरचे ड्यूक' यातलं 'चे' काय सांगतं? डेव्हनशर त्यांच्या ताब्यात होतं?

मोडीवाचक: नाही ना! चॅट्सवर्थ डर्बिशरमध्ये आहे. आपल्याकडे 'सांगलीचे पटवर्धन' म्हटलं की सांगली त्यांची. इथे षष्ठी फसवते.

रोखठोक: मग 'ड्यूक ऑफ डेव्हनशर' असंच ठेवा, व्हाइसरॉय लॉर्ड मेयोसारखं.

मोडीवाचक: मेयोच्या नावात 'ऑफ' कुठून आणलंत?

रोखठोक: अर्ल ऑफ मेयो. पूर्ण पदवीत आहे, पुकारताना गळतं.

टिपणवही: जमीनदार की जहागीरदार, ते राहिलंच.

पोटकूळ: आधी खंडकरीचं मिटू द्या.