आयल्ट्स स्पीकिंग ६ वर अडकलंय, सांगली-मिरजेत राहून ७ कसे आणायचे?

मिरजेची_सिस्टर:
नमस्कार सगळ्यांना. मी मिरजेत एका हॉस्पिटलला आयसीयूत स्टाफ नर्स आहे, यूकेला जायचंय. गेल्या महिन्यात आयल्ट्स, म्हणजे परदेशी जायला लागते ती इंग्लिशची परीक्षा दिली, लिसनिंग ७.५, रीडिंग ७, रायटिंग ६.५ आणि स्पीकिंग ६. तिथल्या नर्सिंग कौन्सिलला रायटिंग ६.५ चालतं पण बाकी तिन्हीत ७ लागतात, म्हणजे एकट्या स्पीकिंगनं सगळं अडवलंय. क्लासमध्ये क्यू कार्डची (स्पीकिंगला बोलायचा विषय लिहून देतात ते कार्ड) उत्तरं लिहून दिली होती, नाईट ड्युटी करून घरी येऊन मी ती सगळी पाठ केली. परीक्षेत ‘तुम्ही कुणाला तरी मदत केली त्याबद्दल सांगा’ असं आलं, पाठ केलेलं सुरू केलं आणि मधलं एक वाक्य आठवेना, मग पुढचं सगळंच गेलं. मिनिटभर पण बोलले नसेन. दिवसभर पेशंटच्या नातेवाइकांना समजावून सांगते मी, बोलायची भीती अशी नाही, पण इंग्लिश बोलायला घरात कुणी नाही आणि पुण्याला क्लासला जाणं ड्युटीमुळं जमत नाही. इकडं राहून कुणी ७ आणलेत का? काय केलंत ते डिटेलमध्ये सांगा प्लीज.

हरिपूर_संगम:
ताई, परीक्षा कॉम्प्युटरवर दिली होती का? तशी असेल तर वन स्किल रिटेक मिळतो, फक्त स्पीकिंग परत द्यायची, पण पहिल्या परीक्षेपासून ६० दिवसांच्या आत. फॉर्म भरायच्या आधी कौन्सिलला तो चालतो का हे त्यांच्या साइटवर बघून घ्या. तारीख मोजा आधी.

विश्रामबाग_ते_यूके:
मी फिजिओ, सांगलीचाच, मला पण पहिल्यांदा ६ च होते आणि दुसऱ्यांदा ७.५ आले. क्लास नाही लावला.

ताई तुमची चूक इंग्लिशची नाही, पाठांतराची आहे. एक्झामिनर दिवसभर हेच ऐकतो, पाठ केलेलं उत्तर त्याला दोन वाक्यांत कळतं, आवाजच बदलतो आपला. मार्क चार गोष्टींना असतात आणि चारही सारख्या वजनाच्या: न अडखळता सलग मुद्द्याला धरून बोलणं, शब्द, व्याकरण आणि उच्चार. उत्तर खरं आहे का, भारी आहे का, याला मार्कच नाहीत.

आता क्यू कार्डचं. तयारीला १ मिनिट, बोलायचं १ ते २ मिनिटं, कागद-पेन्सिल देतात. त्या मिनिटात वाक्यं लिहू नका, पाच-सहा शब्द लिहा फक्त. माझा पहिला सराव सांगतो. कार्ड होतं ‘पाण्याजवळची एखादी जागा’. मी आधी गोव्याच्या बीचवर बोलायला लागलो, कारण इंग्लिशमध्ये बीचच चांगला वाटतो असं डोक्यात, आणि ४० सेकंदांत संपलं. मग कृष्णेवरच्या आपल्या आयर्विन पुलाबद्दल बोललो. १९२९ चा पूल, पावसाळ्यात अख्खी सांगली एकमेकांना विचारते आयर्विनला किती फूट झालं, ४५ फूट म्हणजे धोक्याची पातळी, २०१९ ला ५७ च्या वर गेलं तेव्हा आम्ही मावशीचं सामान रात्रीत वरच्या मजल्यावर कसं नेलं, तिची शिलाई मशीन कशी राहिली खाली. दोन मिनिटं कधी झाली कळलंच नाही. इंग्लिश तेच होतं माझं, पण सांगायला काहीतरी होतं.

म्हणून म्हणतो, ५० उत्तरं नकोत. स्वतःच्या आयुष्यातल्या ८-१० गोष्टी काढा ज्या तुम्ही चहा पिताना मैत्रिणीला सांगाल, आणि एकच गोष्ट वेगवेगळ्या कार्डांना वापरून बघा. आयसीयूतला एखादा पेशंट (नाव न घेता) मदतीच्या कार्डाला पण चालतो, कठीण निर्णयाला पण, अभिमान वाटलेल्या दिवसाला पण. आधी मराठीत दोन मिनिटं सांगा, मग इंग्लिशमध्ये, मोबाईलवर रेकॉर्ड करा आणि लगेच ऐका. ऐकायला नको वाटतं पहिला आठवडा, पण ऐकाच. त्याच गोष्टीचं दुसरं रेकॉर्डिंग पहिल्यापेक्षा चांगलं होतंच.

आणि २ मिनिटं झाली की एक्झामिनर मध्येच थांबवतो, ते वाईट नाही, घाबरू नका.

पोवईनाका:
मी साताऱ्यात इंग्लिश शिकवते, बरीच वर्षं. वरच्या दादांचं पटलं, पण नुसतं बोलत राहिलं तर त्याच चुका पक्क्या होतात, म्हणून रेकॉर्डिंग ऐकताना काय शोधायचं ते सांगते. आपल्या मराठी मुलामुलींच्या चुका बऱ्याचशा मराठीतूनच येतात. ‘पाच वर्षांपासून काम करते’ हे आपण ‘आय ॲम वर्किंग हिअर सिन्स फाइव्ह इयर्स’ असं करतो, ते ‘आय हॅव बीन वर्किंग हिअर फॉर फाइव्ह इयर्स’ पाहिजे. ‘आय ॲम हॅविंग टू ब्रदर्स’ पण तसंच, ‘आय हॅव टू ब्रदर्स’ पाहिजे. मराठीत नामाआधी लागणारी ‘अ’ आणि ‘द’ ही आर्टिकल्स नाहीत म्हणून ती गळतात. आणि सगळ्यात जास्त मार्क जातात भूतकाळात, गोष्ट सांगताना सुरुवात भूतकाळात आणि तिसऱ्या वाक्याला वर्तमानात, कारण मराठीत रंगात आलो की आपण ‘मी जाते, बघते तर काय’ असंच बोलतो. इंग्लिशमध्ये सराव होईपर्यंत ‘वेन्ट’, ‘सॉ’ धरूनच ठेवा.

उच्चार म्हणजे गोऱ्यांसारखं बोलणं नव्हे, मराठी वळण राहिलं तरी चालतं, समोरच्याला कष्ट न पडता कळलं पाहिजे. ‘हेल्पेड’ नाही ‘हेल्प्ट’, ‘वॉकेड’ नाही ‘वॉक्ट’. वेट म्हणजे ओलं आणि व्हेट म्हणजे जनावरांचा डॉक्टर, आपल्या तोंडी दोन्ही एकच होतात. व्ह ला वरचे दात खालच्या ओठाला टेकवायचे, व ला ओठ गोल. एका आठवड्याला एकच चूक धरा, सगळ्या एकदम धरल्या तर बोलणंच थांबतं.

गणपतीपेठ:
ताई ओईटीचा विचार केला का? ती पण इंग्लिशचीच परीक्षा, पण हेल्थवाल्यांसाठीच आहे, स्पीकिंगला दोन रोलप्ले असतात, ३ मिनिटं कार्ड वाचायला आणि ५ मिनिटं बोलायचं, समोरचा पेशंट किंवा नातेवाईक होतो. तुम्ही तर रोज तेच करताय. बी ग्रेड लागते, रायटिंगला सी प्लस चालतं. फी मात्र आयल्ट्सपेक्षा बरीच जास्त आणि चारही पेपर पहिल्यापासून.

मिरजेची_सिस्टर:
सगळ्यांचे खूप आभार, डोळ्यात पाणी आलं वाचून. परीक्षा कॉम्प्युटरवरच होती, ६० दिवसांतले ३४ राहिलेत, कौन्सिलला आज मेल टाकते. ओईटी दुसरा पर्याय म्हणून ठेवते. दादा, पार्ट थ्रीचं, म्हणजे क्यू कार्डनंतरच्या चर्चेचं पण सांगा ना, तिथं मी ‘येस, आय ॲग्री’ म्हणून गप्प बसले.

विश्रामबाग_ते_यूके:
पार्ट थ्रीला ४-५ मिनिटं असतात आणि प्रश्न तुमच्याबद्दल नसतो, समाजाबद्दल असतो. मत सांगा, का ते सांगा, आणि मग ‘आमच्या आजीच्या वेळी असं होतं, आता असं आहे’ एवढं जोडा, उत्तर आपोआप लांबतं. प्रश्न कळला नाही तर सरळ विचारा, त्याचे मार्क जात नाहीत. माझा मोठा सराव आईसोबत झाला, तिला इंग्लिश येत नाही, ती मराठीत फक्त ‘का?’ विचारायची आणि मी इंग्लिशमध्ये उत्तर द्यायचो.

मिरजेची_सिस्टर:
काल नाईट संपल्यावर टेरेसवर रेकॉर्ड केलं, व्हेंटिलेटरवरून बाहेर आलेल्या एका आजोबांची गोष्ट, त्यांनी पहिल्यांदा काय मागितलं तर चहा. पहिलं ५५ सेकंद, तिसरं १ मिनिट ४०. मॅडम, ‘सिन्स’ चार वेळा सापडलं. आज सासूबाईंना ‘का?’ विचारायला बसवणार आहे.

पोवईनाका:
चार सापडले म्हणजे कान तयार झाला. रविवारी दुपारी मी मोकळी असते, इथं मेसेज टाका, फोनवर पूर्ण १४ मिनिटांची मॉक (सराव परीक्षा) घेऊ. पैसे नकोत.