नवीन टायर प्रेशर सेन्सर टाकले पण गाडी ओळखतच नाही, लाइट ब्लिंक होतेय

शंकासुर
मंडळी मदत करा, डोकं फिरलंय. एसयूव्ही आहे, सात वर्षं जुनी, कंपनीचेच टायर प्रेशर सेन्सर होते. गाडीचं नाव मुद्दाम लिहीत नाही, नाहीतर सगळे ब्रँडवरून भांडत बसतील आणि माझा प्रश्न राहील बाजूला. महिन्यापूर्वी मीटरमधली ती पिवळी टायरची लाइट लागायला लागली, चालू केल्यावर मिनिटभर लुकलुकते आणि मग तशीच लागून राहते. हवा चेक केली, चारही चाकांत बरोबर. टायर तसेही बदलायचेच होते म्हणून म्हटलं सेन्सर पण बदलून टाकू, चार नवीन प्रोग्रॅमेबल (म्हणजे मशीनने हव्या त्या गाडीसाठी सेट करता येतात ते) सेन्सर ऑनलाइन घेतले, टायरवाल्याने बसवले, त्याच्या हातातल्या मशीनने प्रत्येक चाकाजवळ धरून वाचले, चारही ओके दाखवले. मग त्याने गाडीला वायर जोडून काहीतरी टाइप केलं आणि म्हणाला झालं.

घरी येईपर्यंत लाइट परत. मीटरवर तीन चाकांचे आकडे येतात आणि मागच्या डावीकडे नुसत्या रेघा. स्टिअरिंगखाली एक सेट बटण आहे ते मॅन्युअलमध्ये लिहिल्याप्रमाणे लाइट तीनदा लुकलुकेपर्यंत दाबून धरलं, तीन वेळा केलं, शष्प फरक नाही. नुसती गाडी पळवून होईल का? का सेन्सरच डुप्लिकेट आले?

गिअरपाचवा
अरे एवढं काय त्यात, माझ्या गाडीत पण लाइट आली होती, हवा भरली, स्क्रीनवर मेन्यूत जाऊन रिसेट केलं, थोडी चालवली, गेली. सेन्सर बिन्सर रजिस्टर करायची भानगडच नाही. टायरवाले उगाच घाबरवतात.

नटबोल्ट
@गिअरपाचवा भाऊ, तुमच्या गाडीच्या चाकात बहुतेक सेन्सरच नाहीत. दोन प्रकार असतात. एकात चाकाच्या आत, व्हॉल्वला जोडलेला खरा सेन्सर असतो, तो हवा मोजून रेडिओवरून गाडीला सांगतो. दुसऱ्यात तसलं काही नसतं, एबीएसचे, म्हणजे ब्रेक मारल्यावर चाक जाम होऊ न देणाऱ्या सिस्टिमचे, जे चाकाचा वेग मोजणारे सेन्सर असतात त्यांच्यावरूनच गाडी अंदाज बांधते, हवा कमी झालेलं चाक किंचित लहान होतं म्हणून ते बाकीच्यांपेक्षा जरा जास्त फिरतं, एवढ्यावरून ओळखायचं. त्यात रजिस्टर करायला काही नाहीच, रिसेट म्हणजे गाडीला सांगणं की आत्ताची हवा बरोबर आहे, इथून पुढे फरक बघ. मीटरवर प्रत्येक चाकाचा पीएसआय (हवेच्या दाबाचा आकडा) दिसत असेल तर समजायचं की आत खरे सेन्सर आहेत. शंकासुरांचं तसं आहे, त्यामुळे तुमचा उपाय त्यांना लागू नाही.

आता @शंकासुर. तुम्ही जे सेट बटण दाबत बसलात ते रजिस्ट्रेशनचं नाहीच. नव्वद टक्के लोक इथेच फसतात, मीही फसलोय. ते बटण काय करतं, तर आत्ता जी हवा आहे ती नॉर्मल धर आणि यापेक्षा ठरावीक कमी झाली की ओरड, एवढंच. टोयोटाच्या बऱ्याच गाड्यांत तसं बटण आहे आणि लोक नवीन सेन्सर टाकून ते दाबत बसतात. सेन्सर कुठले हे गाडीला त्याने कळत नाही. प्रत्येक सेन्सरचा स्वतःचा एक आयडी असतो, बहुतेकांत आठ अक्षरी, आणि गाडीच्या कॉम्प्युटरमध्ये तोच आयडी असला पाहिजे, नाहीतर सेन्सर कितीही बोंबलला तरी गाडी म्हणणार हा शेजाऱ्याचा, आपला नाही. आणि ते बरोबरच आहे, नाहीतर सिग्नलला शेजारी उभ्या गाडीचं प्रेशर तुमच्या मीटरवर आलं असतं.

हा आयडी गाडीला शिकवायच्या पद्धती तीन. काही गाड्या आपणहून शिकतात, गाडी थोडी चालवायची, दहा-वीस मिनिटांत नवीन आयडी ती स्वतःच उचलते. काहींना उभ्या उभ्या शिकवावं लागतं, गाडी लर्न मोडवर टाकायची आणि पुढच्या डाव्या चाकापासून सुरुवात करून पुढचं उजवं, मागचं उजवं, मागचं डावं असं गोल फिरत प्रत्येक व्हॉल्वजवळ मशीन धरायचं, जीएम आणि फोर्डच्या बऱ्याच गाड्यांत प्रत्येक चाक घेतलं की हॉर्न वाजतो. क्रम चुकला तर आकडे चुकीच्या चाकावर दिसतात. आणि तिसरी पद्धत म्हणजे डायग्नोस्टिक पोर्टला (गाडी तपासायच्या सॉकेटला) मशीन लावून आयडी सरळ कॉम्प्युटरमध्ये लिहायचे. तुमच्या टायरवाल्याने वायर जोडून टाइप केलं म्हणताय म्हणजे तुमची ही तिसरी. यात गाडी कितीही पळवलीत तरी काही होणार नाही, पेट्रोल जाईल फक्त.

सारथी_ती
नटबोल्ट दादांनी सगळं सांगितलंच आहे, मी दोनच गोष्टी विचारते. पहिली, सेन्सरची फ्रिक्वेन्सी बघितली का? ३१५ मेगाहर्ट्झचे असतात आणि ४३३ चे असतात, आणि गोची अशी की टायरवाल्याचं मशीन दोन्ही ऐकतं पण गाडी एकच ऐकते. त्यामुळे मशीनवर ओके ओके आणि मीटरवर रेघा असं होऊ शकतं. मी स्वतः यात दोन शनिवार घालवलेत म्हणून सांगते. तुमचे तीन दिसतायत म्हणजे फ्रिक्वेन्सीचा घोळ नसावा, पण ते चौथं एखादं वेगळ्या लॉटमधलं नाही ना ते बघा.

दुसरी, "काहीतरी टाइप केलं" म्हणालात तिथे माझे कान टवकारले. आयडी हाताने टाइप केले का? नीट मशीन असेल तर ते चाकाजवळ वाचलेला आयडीच गाडीत लिहितं, टाइप करायची गरज नसते. हाताने केले असतील तर सेन्सरच्या अंगावर जे बारीक छापलेलं असतं त्यात इंग्रजी बी आणि ८, डी आणि ०, हे हमखास चुकतात. एक लक्षात ठेवा, या आयडीत ० ते ९ आणि ए ते एफ एवढंच असतं, त्यामुळे ओ सारखं काही दिसलं तर ते शून्यच. टायरवाल्याकडे परत जा आणि त्याला सांगा की गाडीत आत्ता कुठले आयडी आहेत ते वाचून दाखव, आणि शेजारी चाकातून वाचलेले आयडी ठेव. एक एक अक्षर जुळवा.

आळशी_इंजिनियर
एवढा द्राविडी प्राणायाम कशाला करताय राव. लाइटवर काळी टेप चिकटवा, पंधरा दिवसांनी गेजने हवा बघा. सेन्सर नव्हते तेव्हा लोक गाड्या चालवत नव्हते का.

पानानंबर१३
@आळशी_इंजिनियर चालवत होते, आणि हायवेवर टायर फुटत पण होते. अमेरिकेत हे कंपल्सरी झालं तेच मुळी एसयूव्हींचे टायर फुटून गाड्या उलटल्याच्या प्रकरणानंतर, २००० साली कायदा आणि २००७ पासून सगळ्या नवीन हलक्या गाड्यांना सक्ती. पंधरा दिवसांनी गेज लावणारा माणूस मी अजून पाहिला नाही, मी धरून. आणि खिळा घुसला की तुमच्या पंधरा दिवसांची वाट बघत नाही तो.

@शंकासुर लाइट कशी लागते ते नीट वाचायला शिका, ती दोन वेगळ्या गोष्टी बोलते. चालू केल्या केल्या न लुकलुकता सरळ लागून राहिली तर हवा कमी आहे. मिनिट-सव्वा मिनिट लुकलुकून मग लागून राहिली तर हवेचा संबंध नाही, सिस्टिममध्येच गडबड आहे, कुठला तरी सेन्सर ऐकू येत नाहीये. तुमची पहिल्यापासून लुकलुकतेय, म्हणजे तुम्ही हवा चेक केलीत ते ठीकच पण दुखणं तिथे नव्हतंच.

शंकासुर
सगळ्यांचे आभार. आज गेलो होतो. ताई, तुम्ही अगदी बरोबर होतात, त्याने टाइपच केले होते, त्याच्या मशीनला माझी गाडी लिस्टमध्ये नीट सापडली नाही म्हणून. फ्रिक्वेन्सी चारही ४३३. मागच्या डाव्याच्या आयडीत बी च्या जागी ८ घातला होता. तो दुरुस्त केला, मीटरवर चारही आकडे आले, मी खूश. आणि अर्ध्या वाटेत लाइट परत लुकलुकायला लागली!!! चारही आकडे दिसतायत, ३३, ३३, ३४, ३३, आणि वर लाइट. आता काय करू, गाडी विकू?

एक विचित्र गोष्ट बघितली, गाडीतून आयडी वाचले तेव्हा चार नाही पाच ओळी आल्या. पाचव्यात जुना काहीतरी नंबर होता. टायरवाला म्हणाला ते असतंच, लक्ष देऊ नका.

नटबोल्ट
लक्ष देऊ नका म्हणे. पाचवी ओळ म्हणजे स्टेपनी!

काही एसयूव्हींमध्ये फुल साइज स्टेपनी असते आणि तिच्यातही सेन्सर असतो. मीटरवर तिचा आकडा दाखवत नाहीत बऱ्याच गाड्या, पण कॉम्प्युटर तिला मोजतो. तुमची स्टेपनी जुनीच आहे ना? म्हणजे तिच्यातला सेन्सर पण सात वर्षांचा. यांची बॅटरी साधारण पाच ते दहा वर्षं जाते, आणि ती रेझिनमध्ये गाडलेली असते त्यामुळे घड्याळासारखा सेल बदलायचा विचार डोक्यात आणू नका, यूट्यूबवर लोक कोरून काढतात पण परत सील होत नाही नीट. व्हॉल्वजवळ मशीन धरून बघा, मशीन १२५ किलोहर्ट्झचा सिग्नल मारून झोपलेल्या सेन्सरला उठवतं. एरवी चाक फिरत नसलं की बॅटरी वाचवायला तो झोपलेलाच असतो, त्यामुळे नुसतं उभं राहून तपासण्यात अर्थ नाही. मशीनने हाक मारूनही उत्तर आलं नाही तर मेला समजा.

आणि आता एक प्रश्न, रागावू नका. महिन्यापूर्वी लाइट पहिल्यांदा आली तेव्हा मीटरवर चारही चाकांचे आकडे दिसत होते का?

शंकासुर
दिसत होते.

मला वाटलं जुनेच आकडे अडकून बसलेत.

सारथी_ती
अरे देवा 😄 म्हणजे चारही चांगले सेन्सर काढून फेकले आणि मेलेला होता तो गाडीखाली लटकतोय.

शंकासुर
फेकले नाहीत हो ताई, डब्यात ठेवलेत. स्टेपनी काढायला आज सकाळी अर्धा तास गेला, तो खालचा स्क्रू गंजून बसलेला. मशीन लावलं, काही उत्तर नाही, मेलाय. आणि गेज लावला तर हवा १८. म्हणजे पंक्चर झालं असतं तर रस्त्यात ती लावून बसलो असतो. डब्यातला जुना सेन्सर स्टेपनीत टाकला तर चालेल का? तो चालू आहे, मशीनने वाचला.

नटबोल्ट
चालेल की, तुमच्याच गाडीचा आहे, फ्रिक्वेन्सी वगैरे सगळं जुळतं. फक्त त्याचा आयडी पाचव्या ओळीत लिहायला सांगा, आणि वाचून लिही म्हणावं, टाइप करू नको. त्याच मशीनवर गाडी सापडत नसेल तर दुसऱ्याकडे जा. जुन्यात किती जीव उरलाय सांगता येत नाही, सात वर्षं झालीच आहेत, पण स्टेपनीतला आहे, परत मेला तर तेव्हा बघू. नाहीतर एक नवीन प्रोग्रॅमेबल घ्या आणि त्यात मेलेल्याचा आयडी कॉपी करून टाका, तो तुमच्याकडे लिहिलेला आहेच पाचव्या ओळीत, मग गाडीला हातच लावावा लागत नाही, तिला वाटतं जुनाच परत बोलायला लागला. सगळ्यात सोपं काम हेच असतं खरं तर, चारही तसेच करून घेतले असते तर बी आणि ८ चा प्रश्नच आला नसता.

पानानंबर१३
टायर उतरवणारच आहात तर तीन गोष्टी सांगून ठेवतो. बीड (टायरची रिमला घट्ट बसलेली कड) तोडताना व्हॉल्वच्या बरोबर समोरच्या बाजूने तोडायला सांगा, व्हॉल्वजवळ दाब दिला की सेन्सरचे दोन तुकडे होतात आणि कुणी कबूल करत नाही. मेटल व्हॉल्व असेल तर त्याचं रबर वॉशर, नट आणि आतली पिन नवीन घाला, पिन निकेलची, साधी पितळेची घातली तर ॲल्युमिनियमच्या दांड्यात गंजून चिकटते आणि मग हवा भरायलाही उघडत नाही. आणि पंक्चरचं ते बाटलीतलं लिक्विड घालू नका, सेन्सरचं हवेचं भोक बुजू शकतं.

सगळं झाल्यावर मग ते तुमचं लाडकं सेट बटण. पण सकाळी, गाडी थंड असताना, दाराच्या खांबावरच्या स्टिकरवर लिहिलीय तेवढी हवा भरून मगच दाबायचं. गरम टायरवर दाबलंत तर गाडी तो वाढलेला आकडाच नॉर्मल धरते आणि पहिल्या थंडीच्या सकाळी बोंब मारते. साधारण ५-६ डिग्री तापमान उतरलं की एक पीएसआय कमी होतो. तुम्ही आधी तीन वेळा दाबलंय ते नक्की गरम टायरवर असणार.

शंकासुर
दुपारी, टायरवाल्याकडून घरी आल्या आल्या दाबलं होतं. 🙏

अपडेट: जुना सेन्सर स्टेपनीत टाकला, आयडी पाचव्या ओळीत वाचून लिहिला, स्टेपनीत हवा भरली, परवा सकाळी थंड गाडीवर बटण दाबलं. दोन दिवस झाले, लाइट नाही.

हवा_हवाई
माझी पण लाइट लुकलुकतेय तीन दिवस. मी स्टेपनी बघू का डायरेक्ट?

सारथी_ती
थांबा थांबा. मीटरवर चाकांचे आकडे येतात का नुसती लाइटच आहे, ते आधी सांगा.