शब्दचर्चा : ‘समान इरादा’ की ‘सामाईक इरादा’?

भाषांतरकार :
खुनाच्या अपिलातल्या एका निकालपत्राचा मराठी अनुवाद करते आहे. सत्र न्यायालयाने चौघांनाही भारतीय दंड संहितेच्या कलम ३०२ (खून) सहकलम ३४ (अनेकांनी मिळून ठरवून केलेल्या गुन्ह्याची प्रत्येकावर जबाबदारी) खाली जन्मठेप दिली होती. उच्च न्यायालयाने दोघांची शिक्षा कायम ठेवली आणि उरलेल्या दोघांना फक्त दुखापतीपुरतं दोषी धरलं. सगळा निकाल ‘कॉमन इंटेन्शन’ या दोन शब्दांवर उभा आहे. मी पहिल्या पानापासून ‘समान हेतू’ लिहीत आले. बाराव्या पानावर वाक्य आलं की आरोपींचं इंटेन्शन ‘सिमिलर’ असेल, पण ते ‘कॉमन’ नव्हतं. आता काय लिहू? ‘समान होता, पण समान नव्हता’?

फौजदारी वकील :
ताई, तुम्ही जिथे अडलात तिथेच अशी अपिलं जिंकली किंवा हरली जातात, म्हणून हा शब्द सोडू नका. ‘समान’ म्हणजे सारखा, बरोबरीचा. दोन कुलपं समान असू शकतात, तरी ती दोनच. ‘सामाईक’ म्हणजे सगळ्यांचा मिळून एक : सामाईक विहीर, सामाईक भिंत, सातबारावरचं सामाईक क्षेत्र. कलम ३४ ला हा दुसरा अर्थ हवा आहे. ‘समान इरादा’ हा प्रयोग वर्षानुवर्षं चालत आलाय आणि तो चुकीचा आहे, असं माझं स्पष्ट मत आहे.

प्रिव्ही कौन्सिलचा, म्हणजे ब्रिटिश काळातल्या शेवटच्या अपील न्यायालयाचा, महबूब शाह खटल्याचा १९४५ चा निकाल बघा. सिंधू नदीकाठी बोरू कापून नावेतून परतणाऱ्या लोकांशी काठावर भांडण झालं. मार खाणाऱ्या नातेवाइकाची आरडाओरड ऐकून दोघं बंदुका घेऊन धावत आले. एकाने एकावर गोळी झाडली, तो मेला. दुसऱ्याने दुसऱ्यावर झाडली, तो जखमी झाला. मेलेल्या माणसाच्या खुनासाठी फाशी मात्र या दुसऱ्याला झाली होती, कलम ३४ लावून. प्रिव्ही कौन्सिलने ती रद्द केली. दोघांच्या मनात आपल्या माणसाला सोडवायचं होतं, हे खरं. पण गोळ्या घालायचं दोघांनी मिळून ठरवलं होतं, याला पुरावा नव्हता. इरादा सारखा असेल, सामाईक नव्हता. दोन्हींमधला पडदा अनेकदा अगदी पातळ असतो, तरी फरक खरा आहे, असं त्या निकालात म्हटलंय. मराठीत तो पडदा आपण एकाच शब्दाने फाडून टाकतो.

सर्वोच्च न्यायालयाने १९५४ मध्ये पांडुरंग विरुद्ध हैदराबाद राज्य या निकालात हेच पुढे नेलं. पाच जण एकाच माणसावर एकाच वेळी तुटून पडले, प्रत्येकाच्या मनात ठार मारायचंच असलं, तरी तेवढ्याने इरादा सामाईक होत नाही. मनं आधी जुळलेली असली पाहिजेत. ती क्षणभर आधी, जागेवरच जुळली तरी चालतं, पण जुळली होती हे दाखवावं लागतं. पांडुरंगची खुनाची शिक्षा त्या मुद्द्यावर गेली आणि जबर दुखापतीची राहिली.

भाषांतरकार :
‘समान’ गेला. पण ‘हेतू’ राहिला तर चालेल ना? कानाला मराठी वाटतो.

फौजदारी वकील :
खुनाच्या खटल्यात नको. ‘खुनामागचा हेतू’ म्हटलं की आपण सगळे ‘मोटिव्ह’ समजतो : जमिनीचा वाद, पैशाची देवघेव, जुनं वैर. तो प्रत्येकाचा वेगळा असू शकतो. एकाला बांधाचा राग, दुसऱ्याला उसनवारीचा. तरी दोघांनी मिळून मारायचं ठरवलं तर इरादा सामाईकच. ‘सामाईक हेतू’ लिहिलंत तर वाचणारा विचारेल, दोघांची कारणं वेगळी होती, मग सामाईक कसं? म्हणून इंटेन्शनला ‘इरादा’, मोटिव्हला ‘हेतू’. आणि कलम १४९ मधल्या ऑब्जेक्टला ‘उद्दिष्ट’.

१४९ वेगळं का, तेही सांगतो, कारण तुमच्या निकालपत्रात ते कुठेतरी येणारच. तिथे पाच किंवा अधिक माणसांचा बेकायदेशीर जमाव लागतो. आरोपीने हात उगारला होता का, हा पहिला प्रश्न नसतो. तो त्या जमावाचा घटक होता का, हा असतो. जमावाच्या उद्दिष्टासाठी खून झाला, किंवा तो होण्याचा संभव आहे हे जमावातल्यांना माहीत होतं, तर प्रत्येक घटक त्या खुनाला जबाबदार. म्हणून अपिलात सगळा झगडा असतो तो ‘घटक’ आणि ‘बघ्या’ यांच्यात. गर्दी जमली की शेजारपाजारचे धावून येतातच. बघ्याला घटक ठरवलं की निरपराध माणूस जन्मभर आत जातो. गर्दीचा खटला असेल तर दोन-तीन साक्षीदारांनी सुसंगतपणे नाव घेतलं असेल तरच शिक्षा टिकवावी, ही कसोटी सर्वोच्च न्यायालयाच्या १९६४ च्या मसालती निकालातून आजही वापरली जाते.

निवृत्त कोर्ट कारकून :
मधे बोलतो. फिर्यादीत हे सगळं एका दमात लिहिलेलं असतं : ‘गैरकायद्याची मंडळी जमवून, हातात काठ्या व लोखंडी रॉड घेऊन, आपसात संगनमत करून, लाथाबुक्क्यांनी मारहाण केली.’ यातलं ‘गैरकायद्याची मंडळी’ म्हणजे वकीलसाहेबांचा बेकायदेशीर जमाव. ‘संगनमत’ मात्र नीट बघा. ठाण्यात ते ३४ साठी लिहितात आणि वाचणाऱ्याला कट वाटतो. कटाचं कलम वेगळं, १२०ब. कट नुसता रचला तरी गुन्हा होतो. ३४ ला प्रत्यक्ष गुन्हा घडावा लागतो. एवढी वर्षं फिर्यादी वाचल्या, प्रत्येक तिसऱ्या फिर्यादीत तोच साचा, मग चार माणसं असोत नाहीतर चौदा.

आणि हिंदी निकाल बघून अनुवाद करू नका. तिकडे ‘सामान्य आशय’ म्हणतात. आपल्याकडे ‘सामान्य’ म्हणजे साधासुधा. ‘सामान्य इरादा’ छापलेला मी डोळ्यांनी पाहिलाय.

भाषांतरकार :
काका, ‘मंडळी’ बदलू का? घरची मंडळी, भजनी मंडळी... खुनाच्या वाक्यात तो शब्द फार मऊ पडतो.

निवृत्त कोर्ट कारकून :
फिर्यादीचा उतारा असेल तिथे तसाच ठेवा, अवतरणात. तो पुरावा आहे, भाषा सुधारायची जागा नाही. न्यायाधीशांच्या तोंडी ‘बेकायदेशीर जमाव’.

फौजदारी वकील :
सहमत. आकडेही सांभाळा. १ जुलै २०२४ पासून दंड संहितेच्या जागी भारतीय न्याय संहिता लागू झाली : ३४ चं ३(५), १४९ चं १९०, ३०२ चं १०३. घटना त्याआधीची असेल तर जुनीच कलमं राहतात, निकाल आजचा असला तरी.

भाषांतरकार :
बारावं पान आता असं झालंय : ‘आरोपी क्रमांक ३ व ४ यांचा इरादा आरोपी क्रमांक १ व २ यांच्या इराद्यासारखा असू शकेल, परंतु तो चौघांचा सामाईक इरादा होता, हे फिर्यादी पक्ष सिद्ध करू शकलेला नाही.’ आता पहिल्या पानापासून ‘समान हेतू’ शोधून बदलते आहे. एकेचाळीस ठिकाणी आहे. एकदम बदलणार नाही, त्यातले तीन खरेच मोटिव्हचे निघाले.