भा. रा. भागवत : फास्टर फेणेच्या अलीकडे आणि पलीकडे

बालसाहित्यिक भा. रा. भागवत (1910-2001) यांचा उल्लेख बहुतेक जण केवळ 'फास्टर फेणे' या मुलांच्या साहसकथांतील नायकाचे जनक म्हणून करतात. ते चूक नाही, परंतु अपुरे आहे. ज्यूल व्हर्नच्या विज्ञानकथा त्यांनी मराठी मुलांसाठी इतक्या सहज भाषेत आणल्या, की अनेकांना मूळ लेखक फ्रेंच असल्याचे बऱ्याच उशिरा कळले. शिवाय 1951 मध्ये त्यांनी 'बालमित्र' हे मासिक सुरू केले. मुलांचे मासिक चालवणे हा आपल्याकडे कधीच फायद्याचा व्यवहार नव्हता, आणि तरीही त्यांनी तो पत्करला, हे मला त्यांच्या लेखनाइतकेच मोलाचे वाटते. त्यांच्या पत्नी लीलावती भागवत यांनीही मुलांसाठी विपुल लिहिले. त्यांच्याविषयी मात्र आपण फारच कमी बोलतो.

राहिला बनेश फेणे, म्हणजेच फास्टर फेणे. फुरसुंगीचा हा किडकिडीत मुलगा पुण्याच्या विद्याभवनात शिकतो, सायकल दामटतो, तोंडाने 'ट्टॉक्' असा आवाज करतो आणि पुढे थेट प्रतापगड, काश्मीर असा कुठेही पोहोचतो. तो अंगबळाने नव्हे, तर निरीक्षणाने आणि चपळाईने जिंकतो. म्हणूनच सामान्य शरीरयष्टीच्या वाचकाला तो आपल्यातला वाटला असावा. दूरदर्शनवर सुमीत राघवन आणि 2017 च्या चित्रपटात अमेय वाघ यांनी त्याला चेहरा दिला. त्या चित्रपटात दिलीप प्रभावळकरांनी खुद्द भागवतांचीच भूमिका केली होती. पात्राच्या गोष्टीत लेखकालाच पात्र म्हणून आणण्याची ही कल्पना भागवतांना निश्चितच आवडली असती.