शब्दचर्चा : ‘क्रमवीक्षण इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक’ आणि मेंदूच्या सूक्ष्म रचनेचे शब्द

चर्चाप्रस्ताव

मेंदूच्या सूक्ष्म रचनेविषयीच्या काही चित्रफलकांचा मजकूर मराठीत लिहिताना ‘स्कॅनिंग इलेक्ट्रॉन मायक्रोस्कोप’ या नावापाशी काम अडले आहे. परिभाषेत स्कॅनिंगसाठी ‘क्रमवीक्षण’ हा शब्द आहे; परंतु सहकाऱ्यांचे म्हणणे असे की, तो शब्द वाचून कोणालाही काही बोध होणार नाही, उलट ‘स्कॅन’ आता घराघरांत पोचला आहे, तेव्हा ‘मेंदूचे इलेक्ट्रॉन स्कॅन’ असे सुटसुटीत लिहावे. मला हा पर्याय खटकतो, पण त्याचे कारण नेमकेपणाने मांडता येत नाही. याशिवाय ‘सेक्शन’साठी ‘छेद’ घ्यावा की ‘काप’, ‘सिनॅप्स’साठी (एका चेतापेशीचा संदेश दुसरीकडे जातो ती जागा) शालेय पुस्तकांतला ‘संपर्कस्थान’ हा शब्द चालेल का, आणि या यंत्रातून मिळणाऱ्या चित्राला ‘छायाचित्र’ म्हणता येईल का, हेही प्रश्न आहेत. जाणकारांनी कृपया मत द्यावे.

प्रतिसाद १

‘मेंदूचे इलेक्ट्रॉन स्कॅन’ असे कृपया लिहू नये. मराठीत आज ‘मेंदूचा स्कॅन’ म्हटले की सीटी किंवा एमआरआय डोळ्यांपुढे येते. म्हणजे रुग्ण यंत्रात जातो आणि तपासणी आटोपली की उठून घरी जातो. इथे तसे काहीच नसते. इलेक्ट्रॉनांच्या झोताला हवेचा अडथळा होतो, म्हणून नेहमीच्या यंत्राच्या आत निर्वात लागतो, आणि निर्वातात ओली ऊती आपला आकार टिकवू शकत नाही. त्यामुळे मेंदूचा लहानसा तुकडा आधी ग्लुटराल्डिहाइडने स्थिर करतात, मग ऑस्मियम टेट्रॉक्साइडमध्ये ठेवतात, जेणेकरून पेशींच्या मेदयुक्त पटलांवर जड धातू बसावा, आणि त्यानंतर चढत्या तीव्रतेच्या अल्कोहोलमधून नेत त्यातील पाणी काढून टाकतात. ऑस्मियममधून बाहेर आलेला तुकडा काळा ठिक्कर असतो. जिवंतपणाशी त्याचा संबंध तेव्हाच संपलेला असतो.

पृष्ठभाग पाहायचा असेल तर यापुढची पायरी विशेष काळजीची आहे. तुकडा नुसता वाळू दिला, तर आटत जाणाऱ्या द्रवाचा पृष्ठताण नाजूक रचनांना आडवे पाडतो. म्हणून अल्कोहोलच्या जागी द्रवरूप कार्बन डायऑक्साइड भरतात आणि सुमारे ३१ अंश सेल्सियस व ७३ वातावरणे दाब या क्रांतिक बिंदूच्या पलीकडे नेऊन तो वायुरूपाने सोडून देतात. त्या अवस्थेत द्रव आणि वायू यांच्यामधली सीमाच उरत नसल्यामुळे पृष्ठताणही उरत नाही. मग सोन्याचा काही नॅनोमीटर जाडीचा मुलामा चढवला की तुकडा पाहण्याजोगा होतो.

अशा रीतीने तयार केलेले, मेंदूच्या आतल्या पोकळ्यांचे अस्तर एकदा अवश्य पाहावे. पार्श्व पोकळीच्या भिंतीवर रोमकांचे, म्हणजे केसांसारख्या सूक्ष्म तंतूंचे, झुबके इतके दाट असतात की त्यांच्याखालच्या पेशींच्या सीमा दिसतच नाहीत. तिसऱ्या पोकळीच्या तळाशी मात्र, जिथे टॅनिसाइट नावाच्या पेशी असतात, तिथे रोमके विरळ होत जातात आणि उघडा, बारीक उंचवट्यांचा पृष्ठभाग समोर येतो. मेंदूच्या पोकळ्यांतला द्रव, म्हणजे मस्तिष्क-मेरुद्रव, पुढे ढकलण्याचे काम जिथे अधिक तिथे रोमके अधिक, असे ढोबळ मानाने म्हणता येते. हे सारे ‘स्कॅन’ या शब्दात मावत नाही.

प्रतिसाद २

‘क्रमवीक्षण’ अवघड वाटतो हे खरे, पण यंत्राचे काम त्या ‘क्रम’ या अर्ध्या भागातच आहे. पारगामी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकात झोत पातळ कापातून आरपार जातो आणि पुढची भिंगे त्या भागाची प्रतिमा एकसंधपणे उमटवतात. क्रमवीक्षणात प्रतिमा उमटवणारे भिंगच नसते. भिंगे असतात ती केवळ झोत काही नॅनोमीटर रुंदीचा होईपर्यंत आवळण्यासाठी. तो झोत एका बिंदूवर थांबतो, तिथून किती इलेक्ट्रॉन बाहेर पडले याची नोंद होते, आणि झोत शेजारच्या बिंदूकडे सरकतो. शेतात एका बांधापासून दुसऱ्या बांधापर्यंत नांगराचे तासामागून तास काढत जावे, तसे हे चालते. गंमत अशी की, जर्मन भाषेत या यंत्राच्या नावातच ‘रास्टर’ हा शब्द आहे आणि त्याचे मूळ लॅटिनमधील ‘रास्ट्रुम’, म्हणजे दंताळे, यात आहे. यंत्राचा उगमही जर्मनीतलाच : माक्स क्नोल यांनी १९३५ मध्ये झोत फिरवून प्रतिमा मिळवली, मानफ्रेड फोन आर्डेन यांनी १९३७-३८ मध्ये बर्लिनमध्ये झोत बारीक करून पुढचे पाऊल टाकले, आणि केंब्रिजमध्ये चार्ल्स ओटली यांच्या गटाने १९४८ पासून केलेल्या चिकाटीच्या कामानंतर १९६५ मध्ये ते यंत्र बाजारात आले.

‘वीक्षण’ हा भाग मला थोडा दुबळा वाटतो, कारण तिथे कोणी पाहत नसते, मोजत असते. तरी शब्द रुळलेला आहे, तो मोडू नये. पहिल्या उल्लेखात ‘क्रमवीक्षण इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शक’ असे पूर्ण लिहावे, लगेच एका वाक्यात झोत बिंदूमागून बिंदू कसा फिरतो ते सांगावे, आणि पुढे सरळ ‘एसईएम’ वापरावे. प्रयोगशाळेत सगळे ‘एसईएम’च म्हणतात.

प्रतिसाद ३

‘छेद’ आणि ‘काप’ यांपैकी एकच निवडावा लागेल असे गृहीत धरू नये. या विषयात दोन्ही शब्द लागतात, आणि त्यांची अदलाबदल केली तर माहिती चुकते. काप म्हणजे कापून वेगळी झालेली पातळ चकती, जी उचलता येते, जपून ठेवता येते. छेद म्हणजे कापल्यामुळे उघडे पडलेले तोंड.

विनफ्रीट डेंक आणि हाइन्झ होर्स्टमन यांनी २००४ मध्ये प्रसिद्ध केलेल्या पद्धतीत सूक्ष्मदर्शकाच्या कक्षेतच हिऱ्याची सुरी बसवलेली असते. रेझिनमध्ये (ओतल्यावर घट्ट होणाऱ्या राळेसारख्या पदार्थात) घट्ट बसवलेल्या मेंदूच्या ठोकळ्याचा वरचा थर ती तासते, मग उघड्या पडलेल्या तोंडाची प्रतिमा घेतली जाते, पुन्हा थर तासला जातो, पुन्हा प्रतिमा. इथे प्रतिमा असते छेदाची; काप तर टाकूनच दिलेला असतो. दुसऱ्या पद्धतीत काप फितीवर ओळीने गोळा करतात आणि त्या कापांचेच क्रमवीक्षण होते. तिसऱ्या पद्धतीत गॅलियमच्या आयनांचा झोत ठोकळ्याचे तोंड काही नॅनोमीटर खरवडत जातो, म्हणजे तिथे काप नावाची वस्तू मुळी तयारच होत नाही. फलकावरचे चित्र कोणत्या पद्धतीचे आहे हे आधी पाहावे आणि त्याप्रमाणे शब्द ठेवावा.

फितीच्या पद्धतीचे मोठे उदाहरण हार्वर्ड आणि गूगल यांच्या गटाने २०२४ मध्ये प्रसिद्ध केले. अपस्मारावरील शस्त्रक्रियेत काढलेल्या मानवी प्रमस्तिष्क बाह्यकाचा (मोठ्या मेंदूच्या बाहेरच्या थराचा) सुमारे १ घन मिलिमीटर तुकडा, त्याचे ५,००० हून अधिक काप, प्रत्येकाची जाडी ३० नॅनोमीटरच्या आसपास, आणि अखेरीस सुमारे १.४ पेटाबाइट (१४ लाख गिगाबाइट) माहिती. त्यात सुमारे ५७,००० पेशी आणि सुमारे १५ कोटी संपर्कस्थाने आढळली. प्रत्येक बिंदूची बाजू ४ नॅनोमीटर धरली, तर १ मिलिमीटर लांबीत अडीच लाख बिंदू बसतात आणि १ चौरस मिलिमीटरमध्ये ६,२५० कोटी. त्यामुळे अनेक झोत एकाच वेळी फिरवणारे यंत्र वापरण्यावाचून गत्यंतर नव्हते.

एक सावधगिरी. मेंदूच्या जोडणीचा प्रत्येक नकाशा क्रमवीक्षणातून आला असे समजू नये. फळमाशीच्या अर्ध्याअधिक मध्यवर्ती मेंदूचा २०२० चा नकाशा आयन-झोताच्या क्रमवीक्षणाचा होता. पण २०२४ मध्ये गाजलेला प्रौढ माशीच्या संपूर्ण मेंदूचा, सुमारे १,३९,००० चेतापेशींचा नकाशा पारगामी सूक्ष्मदर्शकाच्या प्रतिमांवरून तयार झाला. वृत्तपत्रांतील मजकूर उचलताना इथे गफलत होण्याचा संभव फार आहे.

प्रतिसाद ४

‘संपर्कस्थान’ या शब्दावर नेहमी असा आक्षेप येतो की, जिथे प्रत्यक्ष संपर्क होत नाही, मधे सुमारे २० नॅनोमीटरची फट असते, त्या जागेला असे नाव कसे द्यावे. आक्षेप तर्काला धरून आहे, पण मग तो मूळ शब्दावरही घ्यावा लागेल. चार्ल्स शेरिंग्टन यांनी १८९७ मध्ये ‘सिनॅप्स’ची संकल्पना नावासह मांडली, तेव्हा त्यासाठी निवडलेल्या ग्रीक धातूचा अर्थ ‘एकमेकांना धरणे’ असाच होता. ती फट कोणी पाहिलेली नव्हती, आणि पाहणे शक्यही नव्हते, कारण प्रकाशाच्या सूक्ष्मदर्शकाचे विभेदन सुमारे २०० नॅनोमीटरपाशी थांबते. (फलकावर ‘वर्धन’ आणि ‘विभेदन’ वेगळे ठेवावेत. चित्र हवे तेवढे मोठे करता येते. जवळजवळचे दोन बिंदू वेगळे दिसणे ही निराळी गोष्ट आहे.)

त्या काळातला सारा वाद मराठीत दोन शब्दांत मांडता येतो : सलग आणि लगत. कामिल्लो गॉल्जी यांनी १८७३ मध्ये पोटॅशियम डायक्रोमेट आणि सिल्व्हर नायट्रेट यांची काळी अभिक्रिया प्रसिद्ध केली, जिच्यामुळे ऊतीतल्या मोजक्याच पेशी संपूर्ण रंगतात आणि बाकीच्या अदृश्य राहतात. गॉल्जी यांच्या मते चेतातंतूंचे जाळे सलग होते. सांतियागो रामोन इ काहाल यांनी तीच पद्धत सुधारून वापरली आणि निष्कर्ष उलटा काढला की, प्रत्येक पेशी स्वतंत्र असून ती दुसरीच्या लगत संपते. १९०६ चे नोबेल पारितोषिक दोघांना विभागून मिळाले आणि गॉल्जी यांनी त्या व्याख्यानातही आपली बाजू सोडली नाही. निकाल लागला तो १९५० च्या दशकात, पारगामी इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाने दोन पटले आणि मधली फट स्पष्ट दाखवली तेव्हा. आपल्या फलकावर ‘संपर्कस्थान’ ठेवावे आणि चित्रात बाणाने ‘फट’ दाखवावी. त्याहून अधिक काही करण्याची गरज नाही.

जाता जाता, हिंदी मजकूर हाताशी घेऊन मराठी करत असाल तर ‘स्नायु’ या शब्दाकडे लक्ष असू द्यावे. हिंदीत ‘स्नायु तंत्र’ म्हणजे चेतासंस्था. मराठीत स्नायू म्हणजे दंडात असतो तो.

प्रतिसाद ५

‘छायाचित्र’ टाळावे, ‘प्रतिमा’ लिहावे. प्रकाशाचा संबंध नसल्याने या प्रतिमेला रंग नसतो. करड्या छटा असतात आणि रंग नंतर संगणकावर भरलेला असतो. तसा भरला असेल तर ‘रंग कृत्रिम’ एवढे दोन शब्द खाली द्यावेत. ठोकळ्याच्या छेदांत मागे उसळलेले इलेक्ट्रॉन मोजतात आणि जड धातू अधिक इलेक्ट्रॉन उसळवत असल्याने पटले मुळात उजळ येतात; पारगामी प्रतिमांची सवय असलेल्यांसाठी पुष्कळदा काळे-पांढरे उलटवून छापतात.

चर्चाप्रस्तावक

सर्वांचे आभार. सहकाऱ्यांपुढे आता हा मजकूर ठेवत आहे : ‘उंदराच्या मेंदूतील पार्श्व पोकळीचे अस्तर. स्थिर करून वाळवलेल्या ऊतीच्या पृष्ठभागावरून इलेक्ट्रॉनांचा बारीक झोत बिंदूमागून बिंदू फिरवून क्रमवीक्षण इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकाने (एसईएम) मिळवलेली प्रतिमा. रंग कृत्रिम. वर्धन ५,००० पट.’ एक शंका उरते. रक्तवाहिन्यांत रेझिन भरून, ते घट्ट झाल्यावर भोवतालची ऊती अल्कलीने विरघळवून जे उरते, त्याला ‘साचा’ म्हणावे का?

प्रतिसाद १

साचा म्हणजे ज्यात ओततात तो. इथे साचा रक्तवाहिनीच झाली आणि ती विरघळून गेली. उरते ते ‘ओतीव’. ‘मेंदूतील केशवाहिन्यांचे रेझिनचे ओतीव’ असे लिहावे. त्याच्या पृष्ठभागावर वाहिनीच्या अस्तरपेशींच्या केंद्रकांचे ठसेसुद्धा उमटलेले दिसतात, तेही बाणाने दाखवता येतील.

वरच्या मजकुरातून ‘५,००० पट’ काढून टाकावे. तो आकडा मूळ प्रतिमेच्या आकाराचा आहे आणि फलकावर प्रतिमा मोठी केली की तो खोटा ठरतो. प्रतिमेच्या कोपऱ्यात मापपट्टी असते. ती कापली जाऊ देऊ नये आणि तिच्यावरचे ‘१० मायक्रोमीटर’ देवनागरीत लिहून घ्यावे.